पहिला दिवस सिस्टरचा, दहावा माझा

आमच्या कडा गावच्या एसटी स्टँडसमोर सीताफळाच्या पाट्या आल्या. परवा दूध आणायला गेलो तर डोंगराकडच्या बाया ओळीनं बसलेल्या, पाटीत खाली सागाची पानं, वर हिरवी फळं, आणि पिकलेली चारदोन वेगळी काढून पुढ्यात ठेवलेली. त्यातली एक मला ओळखते. म्हणाली, "सर, न्या की. बाई गेल्यापासून तुमी घेतच न्हाईत." मला नाही म्हणता येईना. सहा फळं घेतली, घरी आणली, ओट्यावर ठेवली आणि मग बसून राहिलो. पिकली म्हणजे खाणार कोण, हे घेताना लक्षातच आलं नव्हतं.

भाद्रपदाचा हा उत्तरार्ध आमच्याकडे मोठा विचित्र असतो. सोयाबीनच्या शेंगा भरलेल्या असतात आणि बांधावर पिवळी फुलं अशी मोकाट सुटलेली असतात की कुणी मुद्दाम पेरल्यासारखं वाटावं. सकाळी डोंगरावर धुकं आणि दुपारी पाठ भाजणारं ऊन. त्यातच पितृपंधरवडा. घरोघरी कढी, भजी, खीर, आणि गच्चीवर पान ठेवून कावळ्याची वाट बघणारी माणसं. सगळं शिवार भरात आलेलं आणि गावाचं सगळं लक्ष मेलेल्यांकडे. मी या दिवसांत कायम खूश असायचो. हे लिहायला बरं वाटत नाही, पण खरं आहे. गेलेल्यांच्या आठवणींचे कार्यक्रमही याच पंधरवड्यात होत, माझ्या भाषणांचा तो हंगाम असे.

भाषण म्हणजे श्रद्धांजलीचं. आमच्या तालुक्यात माणूस गेला की दहाव्या दिवशी नदीकाठी दशक्रिया होते आणि दशक्रियेला मांडव, माइक, सतरंज्या आणि भाषणं होतात. पुढारी येतात. कुणाचं नाव कुणाआधी घ्यायचं याला फार जपावं लागतं. हे सगळं सांभाळणारा, आणि शेवटी दाटल्या गळ्यानं दहा मिनिटं बोलणारा एक माणूस लागतो. हायस्कुलात मराठी शिकवून निवृत्त झाल्यावर तो माणूस मी झालो. पुढे अशी वेळ आली की लोक आधी मला फोन करून माझी सवड विचारायचे आणि मग मांडववाल्याला सांगायचे. माझ्याकडे वाक्यं तयार असत. म्हाताऱ्या पुरुषांना वडाचं झाड, बायांना मायेची सावली, तरुण कुणी गेला असेल तर नियतीचा घाला. मनमिळाऊ, कष्टाळू आणि आतिथ्यशील हे तीन शब्द मी इतक्या जणांना वाटले आहेत की तालुक्यात एकही मेलेला माणूस तुसडा नव्हता असं कुणाला वाटेल.

दहावा दिवस माझा, तसा पहिला दिवस मंदा सिस्टरचा. सिस्टर सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. निवृत्तीनंतर बाकीच्या बाया देवदेव करतात, कपिलधारला जाऊन येतात. सिस्टरनी मयत ठेवायची बर्फाची पेटी घेतली. काचेचं झाकण असलेली, विजेवर चालणारी. पोरं पुण्याला, मुंबईला, कुणाची तर थेट परदेशात, ती येईपर्यंत माणूस ठेवायचा कुठे, हा प्रश्न आता घरोघरी असतो. पेटी न्यायला अन्वरभाईंचा टेम्पो. अन्वरभाई मेकॅनिक, गॅरेज स्टँडमागे. सिस्टरचा फोन आला की हातातला पाना खाली ठेवून निघतात.

पण सिस्टर नुसती पेटी देऊन जात नसत. घरात शिरल्या की पदर खोचायच्या, हातातलं घड्याळ मनगटाच्या आतल्या बाजूला फिरवायच्या आणि अंगणातल्या गर्दीला म्हणायच्या, "घरचे तेवढे आत या. बाकीचे बसा भाईर. फोन भाईर." मग दार लावून घ्यायच्या. आंघोळ घरच्यांनीच घालायची. लांबच्या काकाला, गल्लीतल्या अनुभवी माणसाला पुढे करायचं नाही. बाई असेल तर लेकीनं, सुनेनं. केस विंचरायचे ते सगळ्यात जवळच्यानं. सिस्टर फक्त हात कसा धरायचा, मान कशी उचलायची ते दाखवत. पोरांना आईच्या अंगाला हात लावायची भीती वाटायची. सिस्टर त्यांचा हात धरून तिच्या कपाळावर ठेवायच्या.

आणि शेवटी, तिरडीवर घ्यायच्या आधी, त्या गाऱ्हाणं विचारायच्या. जवळच्या प्रत्येकानं गेलेल्या माणसाजवळ बसायचं आणि आपलं एक गाऱ्हाणं त्याला सांगायचं. मोठ्यानं किंवा कानात, पण सांगायचं. गुणगान नाही, हात जोडणं नाही, गाऱ्हाणं. "चांगलं बोलायला दहावा हाय, सर हायेत," असं त्या म्हणत. ते माझ्या कानावर यायचं आणि मला ते कौतुक वाटायचं.

ही रीत त्यांनी कुठून काढली, ते मी एकदा विचारलं होतं. अन्वरभाईंची आई वारली तेव्हा सिस्टर गेल्या होत्या. जनाज्याच्या नमाजाआधी अन्वरभाई उभे राहिले आणि जमलेल्यांना म्हणाले, माझ्या आईनं कुणाचं मन दुखवलं असेल तर माफ करा, कहासुना माफ. सिस्टर म्हणाल्या, "मला लई बरं वाटलं ते ऐकून. आपल्यात कुणी इचारतच न्हाई. पण सर, माफ काय करायचं तेच बोललं न्हाई तर माफ कशाला करतंय माणूस? म्हणून मी आधी बोलायला लावते." मला यातलं अर्धं पटलं, अर्धं नाही. अजूनही तसंच आहे. मेलेला माणूस उत्तर देऊ शकत नाही, त्याला गाऱ्हाणी ऐकवणं हा काय न्याय झाला? आणि एका घरात तर दोन भाऊ बापाजवळ बसून गाऱ्हाणं सांगता सांगता एकमेकांच्याच अंगावर गेले. सोडवासोडवीत दुपार टळली आणि तिरडी अंगणात तशीच. सिस्टरना मी ते बोलून दाखवलं तेव्हा त्या म्हणाल्या, "चुकतं बी कवा कवा." एवढंच.

गेल्या वर्षी याच दिवसांत जवळच्या एका गावात एक म्हातारे बागायतदार वारले. त्यांना सगळे आबा म्हणत. दशक्रिया मोठी झाली, पन्नासएक गाड्या नदीकाठी लागल्या होत्या. मी फॉर्मात होतो. बोलता बोलता म्हणालो, "आबांनी घरच्या लक्ष्मीला आयुष्यात कधी चढ्या आवाजात हाक मारली नाही." समोर बायांच्या घोळक्यात आबांची बायको राधाबाई बसली होती. ती उठली. पदर सावरला आणि तिथूनच म्हणाली, "सर, हे तुमी कोणाचं सांगायलेत?"

एका पुढाऱ्यानं खोकल्यात हसू दडवलं. मुलानं तिला खाली बसवलं. मी पुढचं वाक्य शोधलं, ते सापडलं नाही, मग एकदम शेवटच्या शांतिपाठावर आलो. मांडवातून निघतानाच कळलं ते असं. पहिल्या दिवशी बंद दाराआड राधाबाई आबांच्या उशाशी बसून म्हणाली होती, उभ्या जन्मात तुमी मला नावानं हाक मारली न्हाई, 'ए' म्हणून बलावलं. एकदा ते तोंडातून गेल्यावर माझं वाक्य तिला गिळणं शक्य नव्हतं.

मी तडक सिस्टरच्या घरी गेलो. म्हणालो, "तुम्ही माणसांना नादी लावता. चार माणसांत माझी शोभा झाली." सिस्टर शांतपणे म्हणाल्या, "तुमचं भाषण चांगलं असतं सर. आवाज चांगला हाय. फकस्त त्यात मेलेलं माणूस वळखू येत न्हाई." मी पाणीही न पिता उठलो. हे मी घरी येऊन सुधाला सांगितलं, सुधा म्हणजे माझी बायको. ती ओट्याशी उभी राहून सीताफळाचा गर काढत होती, एक एक बी बोटांनी सोडवून वाटीत टाकत होती. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बरं झालं विचारलं तिनं."

"म्हणजे?"

"काही नाही. हात धुवा, जेवायला बसा."

मी हात धुतले आणि जेवायला बसलो. आता वाटतं तिथेच थांबून पुन्हा विचारायला हवं होतं. पण वाटीत गार केलेलं सीताफळाचं दूध होतं, आणि मला पुढच्या दहाव्याची तयारी करायची होती.

त्यानंतर पंधरा दिवसांत सुधा गेली. घटस्थापना तोंडावर आली होती. तिनं घर आवरायला काढलं होतं, सगळी भांडी अंगणात. दुपारी म्हणाली, जरा पाठ टेकते. चार वाजता चहाला हाक मारली, उठली नाही. मी दोनदा हाक मारली, मग चिडून मोठ्यानं मारली. माझ्या तोंडून तिच्यासाठी निघालेला शेवटचा शब्द चिडका होता, हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.

मुलगी पल्लवी पुण्याहून निघाली. ती येईपर्यंत पेटी आली. आमच्या पुढच्या खोलीत, जिथे मी वाक्यं लिहीत बसायचो, तिथे टेबल सरकवून ती ठेवली. फ्रिजसारखा बारीक घुंई आवाज. काचेवर आतून वाफ धरायची आणि सुधाचा चेहरा नाहीसा व्हायचा, मग सिस्टर फडक्यानं पुसायच्या, पण वाफ आतून होती. बाहेर अंगणात कुणीतरी फ्लेक्सवर कोणता फोटो टाकायचा हे विचारत होतं. कुणी म्हणालं सरांच्या घरचं आहे, गर्दी फार होईल, माइक सांगून ठेवा. मी हे सगळं ऐकत होतो आणि मला खरोखर वाटत होतं की आपण दुसऱ्याच्याच घरी आलो आहोत, आपल्याला बोलायला बोलावलं आहे, आणि अजून आपण गेलेल्याचं नावगाव विचारून घेतलेलं नाही.

पल्लवी आली. चकलांब्याहून सुधाची धाकटी बहीण कमल आली. सिस्टरनी दार लावलं. आता आम्ही चौघं आणि सुधा. पाणी आमच्याच बंबात तापवलेलं. पल्लवी आणि कमल आंघोळ घालत होत्या, मी तांब्यानं पाणी देत होतो. सुधाच्या डाव्या पोटरीवर भाजल्याचा जुना डाग होता. तो मी पहिल्यांदा बघितला असं म्हणता येणार नाही, पण कशाचा ते मला ठाऊक नव्हतं. कमलला ठाऊक होतं. तिनं त्यावरून हळूच हात फिरवला. मी विचारलं नाही, ती वेळ नव्हती. मग नंतर विचारायचं राहून गेलं.

गाऱ्हाण्याची वेळ आली. आधी पल्लवी बसली. म्हणाली, "आई, तू माझ्याकडे चार दिवस कधी राहिली नाहीस. आलीस की लगेच बाबांच्या जेवणाचं काय म्हणायचीस. मी तुझी कोण होते गं?" आणि ती रडली. कमल बसली, "आक्का, शाळंत जाताना तू मला संगं न्यायची न्हाईस. मी वढ्यापतुर रडत यायची तुझ्यामागं, तू वळून बी बघायची न्हाईस." हे म्हणताना कमलला हसू आलं, मग हसता हसताच रडू. खोलीत काहीतरी सैल झालं, ते मलाही जाणवलं.

मग सिस्टरनी माझ्याकडे बघितलं.

मी बसलो. सुधाचा चेहरा माझ्यापासून वीतभर. घसा दाटला होता आणि आयुष्यभर मला घसा दाटला की पुढचं आपोआप यायचं. मी म्हणालो, "सुधा म्हणजे मायेची सावली..."

"सर," सिस्टर म्हणाल्या, "हे दहाव्याला."

मी पुन्हा प्रयत्न केला. गाऱ्हाणं आठवेना. भाजीत मीठ कमी पडलं, पेपर रद्दीत दिला, असलं काहीबाही आठवत होतं, ते बोलायची लाज वाटली. मी म्हणालो, "माझं काही गाऱ्हाणं नाही."

"बरं," सिस्टर म्हणाल्या. "मग तिचं तुमच्याबद्दल काय असंल, तेवढं तरी बोला."

मी सुधाकडे बघितलं. सदतीस वर्षं. मला काहीच माहीत नव्हतं. एक वाक्यही नव्हतं. मी पल्लवीकडे बघितलं, तिनं नजर काढून घेतली. शेवटी सिस्टरनी पांढरं वस्त्र ओढलं. त्या क्षणी मला सुधा गेल्याचं दुःख झालं नाही. मला सिस्टरचा संताप आला. लेकीसमोर, मेहुणीसमोर मला पाटी कोरी ठेवून उठवलं, असं वाटलं. मी बाहेर आलो तेव्हा लोकांना माझा लाल चेहरा दुःखाचा वाटला असणार.

दहाव्याला आणखी गोंधळ. पिंड ठेवले. कावळा वेळ लावेल, घरच्यांनी काहीतरी कबूल करावं लागेल, मुलीचं बघतो म्हणावं लागेल, वाद मिटवतो म्हणावं लागेल, असं मला वाटत होतं. काय कबूल करायचं ते मी मनात जुळवत होतो. सुधाला काय हवं होतं? पण आम्ही चार पावलं मागं सरतो न सरतो तोच कावळा आला आणि शिवला. सगळे म्हणाले, तृप्त होत्या बाई, काही मागे ठेवलं नाही. मला हायसं वाटायला हवं होतं. उलट फसवल्यासारखं वाटलं, आणि फसवलं कुणी, कावळ्यानं की सुधानं, तेही कळेना.

आणि भाषण. माझ्याच घरचं म्हटल्यावर मी बोलणं शक्य नव्हतं. माझा एक जुना विद्यार्थी, आता चाळिशीचा ग्रामसेवक, त्यानं माइक घेतला. बिचारा मनापासून बोलला. मनमिळाऊ, कष्टाळू, आतिथ्यशील. मायेची सावली. सरांच्या यशामागे खंबीरपणे उभी राहिलेली माउली. सगळी वाक्यं माझी होती. थांबायच्या जागासुद्धा माझ्या होत्या. मी ऐकत होतो आणि त्या वाक्यांमधून सुधा शोधत होतो, सतरंजीवर बसलेल्या इतर कुठल्याही माणसासारखा. माझ्या मागे कुणीतरी डोळे पुसले. मला त्या माणसाला विचारावंसं वाटलं की तुम्हाला कशानं रडू आलं.

तेव्हापासून मी विचारत सुटलो. पल्लवीला फोनवर विचारलं, आई माझ्याबद्दल काय म्हणायची? ती म्हणाली, "काही नाही हो बाबा. तुमच्याबद्दल ती काही बोलायची नाही." हे चांगलं की वाईट, मी विचारलं नाही. दिवाळीनंतर चकलांब्याला गेलो. कमलनं चहा केला, शेंगदाण्याची चटणी बांधून दिली. तिला विचारलं तर म्हणाली, "आक्का म्हणायची, आमचे सर लई चांगलं बोलतेत." येताना एसटीत मी तेच वाक्य घोळवत होतो. आधी सुखावलो. गेवराई ओलांडेपर्यंत त्या वाक्यात काहीतरी टोचायला लागलं होतं. सुधाचं कपाटही मी उचकलं. वही सापडली, तिच्यात लोणच्याचं प्रमाण आणि पल्लवीच्या बाळंतपणातल्या डिंकाच्या लाडवांचं प्रमाण होतं. वहीची उरलेली पानं कोरी होती. मी ती कोरी पानंही शेवटपर्यंत उलटून बघितली.

भाषणं सुटली. म्हणजे सोडली असं नाही. एकदा शेजारच्या गल्लीतला माणूस वारला, त्याच्या दहाव्याला उभा राहिलो. ओळखीचा माणूस, रोज राम राम घालणारा. तोंड उघडलं आणि कळेना की या माणसाबद्दल मला काय ठाऊक आहे. तो रोज राम राम घालायचा, एवढं मी सांगितलं आणि खाली बसलो. लोकांना वाटलं, सरांना सुधाताईंची आठवण आली. घरी येताना त्या माणसाची म्हातारी काकू भेटली, म्हणाली, "आज लई बरं बोललात सर." थट्टा करत होती की खरंच म्हणत होती, अजून ठरलेलं नाही.

या वर्षात अनेकदा ठरवलं की सिस्टर चुकतात. दुःखात असलेल्या माणसाला असा प्रश्न विचारू नये. मेलेल्याला सुखानं जाऊ द्यावं, मागच्यांना सुखानं रडू द्यावं, माझी गोड वाक्यं त्यासाठीच होती. राधाबाईला आता तरी काय मिळालं, म्हणायचो. मग तीच राधाबाई आठवडी बाजारात भेटली, सुनेबरोबर, मेथीच्या जुडीवरून भांडत, आणि ती चांगली तरतरीत दिसत होती. पण बाई मुळातच तशी असेल. एका बाईवरून काय ठरवायचं?

आता वर्षश्राद्ध आलं. पल्लवीचा फोन, "बाबा, या वेळी तरी तुम्हीच दोन शब्द बोला." जावई म्हणाले, मोबाइलवरून लाइव्ह करू, बाहेरच्या नातेवाइकांना बघता येईल. मी बघतो म्हणालो. फोन ठेवला आणि ओट्यावरच्या सीताफळांकडे बघत बसलो. एक फळ दाबून बघितलं तर पिकलं होतं. मग चपला घातल्या आणि वर्षभरात पहिल्यांदा सिस्टरच्या घरी गेलो.

दुपार होती. सिस्टर अंगणात पेटीची काच फडक्यानं पुसत होत्या. अन्वरभाई टेम्पोखाली आडवे होते, त्यांचे फक्त पाय दिसत होते. सिस्टरनी माझ्याकडे बघितलं, खुर्चीकडे बोट केलं आणि पुसत राहिल्या.

"सिस्टर, तिचं गाऱ्हाणं काय होतं?"

"आता इचारायलेत?"

"वर्षभर विचारतोय. सगळ्यांना विचारलं."

"मला सोडून."

"तुमचा राग आला होता मला."

"म्हाईत हाय की."

मी एवढं बोलून थांबणार होतो, पण थांबलो नाही. आवाज चढला. म्हणालो, "तुम्ही मला गाऱ्हाणं विचारलं होतं ना? हे घ्या. सदतीस वर्षांत ती मला एका शब्दानं बोलली नाही. बोलली असती तर मला कळलं असतं. मी काय अंतर्ज्ञानी आहे का? हेच माझं गाऱ्हाणं. मला न सांगता ती..." टेम्पोखालचे पाय हलायचे थांबले.

सिस्टरनी फडकं पिळलं. "बोलायची की सर. लई बोलायची. दर गुरवारी बीपी बघायला यायची न्हवं, हितं बसायची. तुमी बसलेत त्याच खुर्चीवर. मी म्हणायची, बाई, हे मला कावून सांगती? घरी सांग. ती म्हणायची, सांगते की. हे मान डोलावतेत."

"काय सांगायची?"

"खरंच ऐकायचं?"

मी हो म्हणालो.

"तिची आई वारली ना चकलांब्याला. दहाव्याला तुमी बोलले. सगळा गाव रडला म्हणं. ती म्हणायची, मी बायांत बसून ह्यांच्याकडं बघत व्हते, आन् मला वाटलं, आता घरी जाताना ह्यांच्याजवळ रडीन. जीपमधी बसलो. मी खिडकीकडं तोंड केलं. गेवराई यायच्या आत रडू आलंच व्हतं. तेवढ्यात हे म्हणले, सुधा, भाषण कसं झालं?"

मला ती जीप आठवली. पुढे ड्रायव्हर, मागे आम्ही दोघं. मी फार थकलो होतो आणि फार आनंदात होतो. सुधा खिडकीबाहेर बघत होती, बाहेर कापसाची शेतं होती. मी विचारलं होतं. आणि ती वळून माझ्याकडे बघून काय म्हणाली होती, तेही आठवलं.

"छान झालं म्हणाली," मी म्हणालो.

"व्हय. छान झालं म्हणले, असंच सांगायची. आन् म्हणायची, सिस्टर, तवा जे गिळलं ते गिळलं. आईसाठी रडायचं माझं राहूनच गेलं."

अन्वरभाई टेम्पोखालून बाहेर आले, माझ्याकडे बघितलं आणि हात पुसत आत पाणी आणायला गेले. मी खुर्चीवर होतो. डोळ्यांतून पाणी येत होतं, आवाज होत नव्हता. माझा घसा दाटला नव्हता, तो कोरडा होता. सुधासाठी रडत होतो की बारा वर्षांपूर्वी गेलेल्या तिच्या आईसाठी, ते मला समजत नव्हतं. सिस्टरनी फडकं दोरीवर टाकलं, दुसरी खुर्ची ओढली आणि माझ्यासमोर बसल्या.

"आणखी हायेत सर. आज सांगू का आता बास?"

"सांगा," मी म्हणालो.